विस्तार म्हणजे मोकळीक नव्हे

निबंधपत्रिकेच्या पानांवर व्हिडिओ गेमची चर्चा पाहून आमच्या काही ज्येष्ठ वाचकांच्या कपाळी आठी उमटेल, याची आम्हांस जाणीव आहे. पण ज्या गोष्टीत आपल्या घरची तरुण मुले रोजचे दोन-तीन तास घालवितात, तिच्याविषयी ‘वाईट आहे’ या दोन शब्दांपलीकडे आपल्यापाशी बोलण्यासारखे काही नसावे, ही स्थिती साहित्यसभेला शोभणारी नाही. ज्या कलाप्रकाराची चिकित्सा होत नाही तो बाजाराच्या ताब्यात जातो. नाटकाच्या बाबतीत आपण हे जाणतो, चित्रपटाच्या बाबतीत उशिरा का होईना जाणले. गेमच्या बाबतीत अद्याप जाणलेले नाही.

आमचा वाद मात्र केवळ ज्येष्ठांशी नाही. तो मुख्यतः गेम रचणाऱ्या व्यवसायाशी आहे. या व्यवसायाने गेल्या दोन दशकांत एक समजूत रूढ केली. ती अशी की, गेममधील जग जितके विस्तीर्ण, तितके खेळणाऱ्याचे स्वातंत्र्य अधिक. अशा रचनेला ‘ओपन वर्ल्ड’, म्हणजे मुक्त विश्व, असे नाव आहे. नकाशा मोठा करावा, त्यावर शेकडो खुणा पेराव्यात आणि ‘आता कोठेही जा’ असे सांगावे, ही तिची रीत. ही समजूत खोटी आहे, आणि तिचा खोटेपणा जेथे गेमचा सारा प्राण धावण्या-उडी मारण्यात आहे तेथे सर्वांत उघडा पडतो, असे आमचे स्पष्ट मत आहे.

प्रथम शरीराच्या हालचालीविषयी, कारण तिला हलके लेखण्याची सवय आपल्याला अलीकडेच जडली आहे. दुसऱ्या बाजीरावाच्या काळात बाळंभटदादा देवधरांनी मल्लखांबाला शास्त्राचे रूप दिले, ही गोष्ट मराठी घरांत परंपरेने सांगितली जाते. आपल्या शेजारच्या अमरावतीत १९१४ साली हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ उभे राहिले आणि १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी त्याच्या पथकाने भारतीय खेळांची प्रात्यक्षिके तेथे करून दाखविली. बडोद्याच्या मजुमदारांनी ‘व्यायाम ज्ञानकोश’ मराठीत सिद्ध केला तो एक-दोन नव्हे, दहा खंडांचा. म्हणजे माणूस खांबावर कसा चढतो, उडी घेताना श्वास कोठे धरतो, पडताना अंग कसे आवळतो, हे विषय मराठी गद्याला योग्य आहेत, असे त्या पिढीला वाटत होते. आम्ही त्याच परंपरेत राहून लिहीत आहोत.

‘पार्कूर’ हा शब्द आता आपल्या मुलांच्या तोंडी आहे. वाटेतील भिंत, कठडा, जिना, दोन छपरांमधील अंतर हे अडथळे न मानता त्यांवरूनच वेगाने पुढे जाण्याची ही विद्या. तिचे मूळ फ्रान्समध्ये आहे. जॉर्ज एबेर या नौदल अधिकाऱ्याने विसाव्या शतकाच्या आरंभी धावणे, चढणे, उड्या, तोल आणि पोहणे यांवर आधारलेली ‘नैसर्गिक पद्धत’ मांडली. उपयोगी पडता यावे म्हणून बलवान व्हावे, हे तिचे ब्रीद. तिच्यातून लष्करी सरावाचे अडथळ्यांचे मार्ग निघाले. त्यांत तयार झालेला रेमों बेल पॅरिसच्या अग्निशमन दलात होता, आणि त्याचा मुलगा दाविद बेल याने आपल्या मित्रांसह लिस या उपनगरात पार्कूरला आजचे रूप दिले. येथे एक गोष्ट लक्षात ठेवावी. ही विद्या अफाट माळरानावर जन्मलेली नाही. ती सिमेंटच्या, दाटीवाटीच्या वस्तीत जन्मली. जागा अडचणीची होती म्हणूनच वाट शोधण्याला अर्थ आला.

या विद्येला गेमच्या पडद्यावर पहिले खरे रूप मिळाले ते २००८ साली, स्वीडनमधील डाइस या संस्थेच्या ‘मिरर्स एज’ या गेममध्ये. ज्या शहरात प्रत्येक संदेशावर सत्तेची पाळत आहे, तेथे काही धावपटू हाताने निरोप पोहोचवितात, आणि त्यांचा रस्ता छपरांवरून जातो. नायिकेचे नाव फेथ. शहर जवळजवळ पांढरेशुभ्र, त्यात मोजके भडक रंग. ज्या पाइपला लटकायचे, ज्या फळीवरून झेप घ्यायची, तिला तांबडा रंग चढतो. फेथच्या हालचाली अनेक, पण त्यांची मुख्य सूत्रे दोनच बटणांवर. एक ‘वर’ नेते, दुसरे ‘खाली’. उडी, चढण आणि भिंतीवरून धावणे पहिल्याने. घसरणे, वाकणे आणि उंचावरून पडताना कोलांटी घेणे दुसऱ्याने. बटण कोणते हे सोपे. ते नेमके कोणत्या क्षणी दाबायचे, यात सारे कौशल्य. वेग एकदम मिळत नाही, धावता धावता साठतो. एक पाऊल चुकले की साठलेले सारे सांडते.

आमच्या वाचकांना प्रथमपुरुषी निवेदन चांगले परिचित आहे. हा गेमही प्रथमपुरुषी आहे. कॅमेरा नायिकेच्या डोळ्यांच्या जागी आहे. तोवरच्या बहुतेक प्रथमपुरुषी गेममध्ये खेळणाऱ्याला दिसे ती बंदूक आणि ती धरणारे हात. येथे खाली पाहिले की पाय दिसतात, भिंत गाठली की पंजे दिसतात, पडताना जग गरगरते. ही गरगर असह्य होऊ नये म्हणून पडद्याच्या मध्यभागी एक बारीक ठिपका ठेवलेला आहे. गिरक्या घेताना नर्तकी एका बिंदूवर नजर स्थिर ठेवते तसा. शस्त्र हाती घेता येते, पण जड शस्त्र घेतले की चपळाई जाते. ‘मी’ म्हणजे कोण, याचे उत्तर या गेमने असे दिले की, मी म्हणजे माझे वजन, माझा वेग आणि पुढच्या कठड्यापर्यंतचे माझे अंतर. निवेदनाच्या दृष्टीने हा लहानसहान शोध नव्हे.

दोष त्यातही होते. पोलिसांशी होणाऱ्या झटापटी रटाळ होत्या. काही ठिकाणी वाट सापडेपर्यंत दहा वेळा पडावे लागे. कथा तर सहा-सात तासांत संपे. पण तो गेम प्रत्येक छपरावर एक प्रश्न विचारीत असे, आणि तो प्रश्न रचणाऱ्याने हाताने मोजलेला होता. तुम्ही कोणत्या बाजूने येणार, किती वेगाने येणार, पहिली नजर कोठे पडणार, हे ठाऊक असल्यामुळे दोन इमारतींमधील फट अगदी छाती धडधडेल इतकीच ठेवता येत होती. मार्ग जवळपास एकच होता. तरी खेळणाऱ्याला तो आपण शोधला असे वाटे.

मग २०१६ साली त्याच संस्थेचा ‘मिरर्स एज कॅटॅलिस्ट’ आला. या वेळी ‘काचेचे शहर’ सारे मोकळे केलेले होते. बंदूक काढून टाकली, हे उत्तम झाले. पण मोकळ्या शहराबरोबर काय काय आले ते पाहा. नकाशा आला आणि त्यावर खुणांचा पाऊस पडला. छपराछपरांवर तरंगणारे प्रकाशगोल शेकड्यांनी आले, ते वेचीत हिंडायचे. वेळ गाठून पोहोचवायच्या पुडक्यांची यादी आली. कौशल्याचा तक्ता आला, आणि चटकन मागे वळणे, पडताना कोलांटी घेणे, उडीत पाय वर ओढून घेणे या प्राथमिक हालचाली, ज्या पहिल्या गेममध्ये आरंभापासून हातात होत्या, त्या आता गुण साठवून ‘मिळवाव्या’ लागू लागल्या. सर्वांवर कडी म्हणजे तांबडी रेषा. पूर्वी केवळ वस्तूला रंग चढत असे. आता पुढे पुढे धावणारी तांबडी वाट दिसू लागली. खेळणाऱ्याने तिच्या मागे जावे, की झाले.

यातील विसंगती दृष्टीआड करण्यासारखी नाही. कथेत एक बलाढ्य कंपनीराज प्रत्येक नागरिकाला जाळ्यात जोडून त्याच्यावर नजर ठेवते आणि फेथ त्याविरुद्ध धावते. गेम मात्र स्वतःच खेळणाऱ्याच्या पुढ्यात नकाशा, यादी, गुण आणि तांबडा दोर ठेवून त्याला जाळ्यात घेतो. बंडखोर नायिकेच्या पायांत टपालवाल्याचा फेरा बांधलेला आहे, आणि टपालवाल्याला निदान आपला रस्ता आपणच ठाऊक असतो.

असे का व्हावे? संस्था तर तीच होती. कारण रचनेतच आहे. शहर मोकळे केले की प्रत्येक छपरावर खेळणारा चारही दिशांनी येऊ शकतो, केव्हाही, कितीही वेगाने. मग कोणतीही फट नेमकी मोजता येत नाही. ती सर्वांना झेपेल अशी सरासरीची करावी लागते. अडथळेही साच्यातले होतात. तोच पाइप, तोच उतार, तेच कुंपण. जागा वाढते, जागेचे वैशिष्ट्य घटते. वैशिष्ट्य घटले की खेळणारा वाट ओळखू शकत नाही, म्हणून त्याला दोर द्यावा लागतो. दोर दिला की पाहण्याची गरज सरते, आणि पाहण्याची गरज सरली की कंटाळा येतो. त्यावर उतारा म्हणून वेचायचे गोल येतात. एका चुकीच्या समजुतीतून निघालेली ही साखळी आहे, आणि तिच्या शेवटच्या कडीला ‘मुक्त विश्व’ अशी पाटी लावलेली असते.

आपल्या पूर्वजांना हे मर्म उमगले होते. आट्यापाट्यांचे मैदान आठवावे. आडव्या नऊ पाट्या, त्यांना मधून छेदणारी सूरपाटी. पाटी धरणारा आपल्या पाटीवरच सरकू शकतो, ती सोडू शकत नाही. या एका बंधनामुळे हुलकावणीला जन्म मिळतो. अंग एकीकडे, नजर दुसरीकडे, आणि पाय तिसरीकडे! पाट्या पुसून टाका व ‘आता कोठेही पळा’ म्हणा. उरेल ती निव्वळ पळापळ. खो-खोचेही तसेच. पाठलाग करणाऱ्याने बसलेल्या गड्यांच्या मधून जायचे नाही आणि धरलेली दिशा खांबापर्यंत बदलायची नाही, या दोन नियमांनी साध्या धावण्याचे नाट्य केले. मल्लखांबाचे तर सारे विश्वच एका खांबाएवढे आहे. दोन हातांच्या कवेत मावणारे ते लाकूड. पण त्यावरच्या पकडी आणि उड्या शिकण्यात माणसाचे तारुण्य सरते. आपल्या मध्य प्रदेशाने २०१३ साली मल्लखांबाला राज्यखेळ ठरविले. तो मान देताना खांबाची रुंदी वाढवावी असे कोणाला सुचले नाही.

आता पूर्वपक्ष. आमचे तरुण मित्र म्हणतील की तांबडी रेषा बंद करता येते. की त्याच त्या छपरांवरून पुन्हा पुन्हा जाण्यामुळे शहराची ओळख होते, जशी आपल्या आळीची होते. की कॅटॅलिस्टमध्ये खेळणाऱ्यांना स्वतःच्या शर्यती आखून इतरांपुढे ठेवता येत होत्या, आणि ती सोय एकमार्गी गेममध्ये शक्य नव्हती. हे तिन्ही मुद्दे खरे आहेत, आणि तिसरा तर आम्हांस फार मोलाचा वाटतो. पण त्यांतून सिद्ध काय होते? रेषा बंद केल्यावर, यादी बाजूला सारल्यावर आणि खेळणाऱ्याने स्वतः नवी बंधने घातल्यावर मोकळे शहर चांगले लागते, एवढेच. म्हणजे दोष मोकळ्या जागेत नसून ती भरण्याच्या रीतीत आहे. हे आम्हांस मान्यच आहे.

मोकळी जागा सार्थ कशी करता येते याचे उदाहरणही याच प्रकारात आहे. पोलंडमधील व्रोत्सवाफच्या टेकलँड संस्थेचा ‘डाइंग लाइट’ २०१५ साली आला. त्याची कथा सामान्य, मारामारी ओंगळ. मुलांच्या हाती तो द्यावा असे आम्ही कदापि म्हणणार नाही. पण त्यातील हरान या शहराची एक योजना अभ्यासण्याजोगी आहे. तेथे दिवस मावळतो. दिवसा ज्या गल्लीतून सहज जाता येते, तीच रात्री जीवघेणी होते. पाठलाग करणारे तुमच्याइतकेच चपळ असतात आणि आसरा मोजक्या उजळलेल्या ठिकाणीच मिळतो. मग कोणते छप्पर कोणत्या भिंतीला लागून आहे, कोणती वाट पुढे बंद होते, हे दिवसा जे पाहिले असेल तेच रात्री तारते. येथे विस्ताराला अर्थ आहे, कारण ओळखीला किंमत आहे. त्याच गेमने पुढच्या टप्प्यावर खेळणाऱ्याच्या हाती दोरीचा आकडा दिला. तो फेकला की समोरच्या इमारतीवर झर्रकन खेचले जावे! एवढ्या कष्टाने शिकविलेली वाट त्या क्षणी निरर्थक झाली. सोय वाढली आणि शहर नाहीसे झाले.

या साऱ्याचा लोधीखेड्याशी काय संबंध, असे कोणी विचारील. आमच्या मते फार जवळचा आहे. आपण मराठी कुटुंबे या भागात पिढ्यान्‌पिढ्या राहत आहोत. १९५६ साली नकाशावर रेघ ओढली गेली. विदर्भ एका राज्यात गेला, छिंदवाडा दुसऱ्यात. आपण कोठे हललो नाही, नकाशा हलला. २०२३ साली पांढुर्णा हा वेगळा जिल्हा झाला, सौंसर तालुक्यासह आपण त्यात आलो. पुन्हा नकाशाच हलला. नकाशा आणि भूमी यांतील अंतर आपल्याहून अधिक कोणाला ठाऊक असावे? ज्यांनी नागपूर–छिंदवाडा नॅरोगेजने प्रवास केला, त्यांना आठवेल की ती गाडी आपल्याला वाट निवडू देत नसे; रूळ एकच, वेग बेताचा. तरी २०१५ साली ती बंद होईपर्यंत कोणते वळण केव्हा येणार, घाट कोठे लागणार, हे डोळे मिटून सांगणारी माणसे प्रत्येक घरात होती. आज मोटारीत बसलेला तरुण फोनमधील निळी रेषा पाहत सावनेरला जातो आणि वाटेतील दोन गावांची नावे त्याला सांगता येत नाहीत. कॅटॅलिस्टमधील तांबडी रेषा आणि फोनमधील निळी रेषा यांचे कूळ एकच आहे. दोघीही पोहोचवितात, दोघीही पाहू देत नाहीत.

आमचा आक्षेप येथे येऊन ठेपतो. वाट ओळखणे ही माणसाची मूलभूत शक्ती आहे, आणि ज्या खेळाने ती जोपासायची त्यानेच ती काढून घ्यावी, हे आम्हांस सहन होत नाही. जे अल्पसंख्य भाषिक कुटुंब आपली वाट दुसऱ्याने ओढलेल्या रेषेवरून शोधू लागते, त्याची भाषाही हळूहळू त्या रेषेवरच्या पाट्यांपुरती उरते. वाडीचे नाव, नाल्याचे नाव, शेताच्या तुकड्याचे नाव ही वाटेवर उच्चारली जाणारी मराठी आहे. वाट पाहिलीच नाही तर ते शब्द उच्चारायचे कोठे?

ज्येष्ठांनाही दोन शब्द. मुले मैदानावर जात नाहीत, पडद्यापुढे बसतात, ही तक्रार आपण नित्य करतो. पण आट्यापाट्यांच्या पाट्या आखायला मोकळी जागा आपण किती ठेवली? एका घराच्या अंगणातून दुसऱ्याच्या परसात उतरता येई, तेथे कुंपणाच्या भिंती कोणी घातल्या आणि भिंतीवर काचा कोणी रोवल्या? माडीवरून शेजारच्या माडीवर जाणाऱ्या पोराला आपण पूर्वी ओरडत होतो, पण ओळखतही होतो. आज त्याच्यावर कॅमेरा लावतो. गावातील बोळ आणि गच्च्या बंद केल्यावर मूल छपरांवरून धावण्यासाठी पडद्यात शिरले, तर त्याला दोष देण्याचा अधिकार आपल्याला फारसा उरत नाही. त्याची भूक खरी आहे. प्रश्न तिला काय वाढले जाते याचा आहे.

म्हणून रचणाऱ्या तरुणांकडे आम्ही वळतो, कारण ते आता परके राहिलेले नाहीत. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्स या छोट्या संस्थेचा ‘राजी’ हा गेम २०२० साली आला आणि त्या वर्षीच्या ‘गेम अवॉर्ड्स’मध्ये पदार्पणातील सर्वोत्कृष्ट गेमच्या नामांकनापर्यंत पोहोचला. तो प्रथमपुरुषी नाही, कॅमेरा दुरून पाहतो. पण त्यातील मुलगी भिंतीवरून धावते, खांबाला वेढा घालून झेपावते, आणि ते पाहताना आम्हांस मल्लखांबच आठवतो. त्याचे जग एकमार्गी आहे, लहान आहे. अमर्याद पैसा नसलेल्या संस्थेला दुसरे काही शक्यही नव्हते. ही अडचण नसून भाग्य आहे, एवढेच आमचे या तरुणांना सांगणे आहे. विस्ताराच्या शर्यतीत तुम्ही स्टॉकहोमला हरवू शकणार नाही, आणि हरवण्यासारखे त्यात काही नाही. एक आळी घ्या. तिच्यातील बारा घरे, एक विहीर, एक पार, कौलांची दोन आणि पत्र्याची चार छपरे घ्या. कौलावर पाय कसा निसटतो, पत्रा दुपारी कसा तापतो आणि पावलाखाली कसा वाजतो, आणि त्या आवाजाने कोणाच्या घरातील आजी बाहेर येते, हे एवढे नेमके रचा. अशी आळी शंभर कोसांच्या काचेच्या शहरापेक्षा मोकळी ठरेल, कारण तिच्यात प्रत्येक पावलाला उत्तर मिळेल.

आणि घरोघरच्या वडीलधाऱ्यांना आमची विनंती अशी. मुलाला ‘किती वेळ खेळलास’ हे विचारावयाचेच असेल तर अवश्य विचारा. पण त्यानंतर ‘कोणत्या वाटेने गेलास, आणि तीच का?’ हेही विचारा. त्याला सांगता आले, तर गेम चांगला आहे आणि मूल जागे आहे. ‘रेषा दाखवील तिकडे गेलो’ असे उत्तर आले, तर तो गेम कितीही मोठ्या शहरात घडत असो, मूल एका खोलीतच बसून आहे असे समजावे. आणि संध्याकाळी त्याला बरोबर घेऊन, फोन घरी ठेवून, नदीपर्यंत एकदा नव्या वाटेने जाऊन यावे.